रविवारची सहल आणि यवनांचा इतिहास

प्राचीन ग्रीसचा इतिहास भाईंदरच्या कामगाराच्या मुलाने का म्हणून शिकावा, हा प्रश्न आम्हांला वारंवार विचारला जातो. विचारणारे दोन प्रकारचे असतात. एक, मुलांचे आईबाप. ते म्हणतात, ‘याचे परीक्षेत किती गुण मिळणार?’ दुसरे आमचेच चळवळीतले सोबती. ते म्हणतात, ‘सिकंदराच्या स्वाऱ्या ऐकून पोराच्या पदरात काय पडायचे? त्यापेक्षा त्याला जोतीराव सांगा, गिरणी संप सांगा.’ दोन्ही प्रश्न रास्त आहेत आणि दोहोंना उत्तर दिले पाहिजे. गेली काही वर्षे आम्ही काही कामगार कुटुंबे मिळून महिन्यातला एक रविवार मुलांना घेऊन बाहेर पडतो. कोणी स्टीलच्या भांड्यांच्या गाळ्यात पॉलिशचे काम करणारा, कोणी मिठागरावरचा, कोणी उत्तनकडचा. या सहलींत जे ध्यानात आले तेच येथे क्रमाने मांडतो.

आम्ही पंडित नव्हे. आमची शाळा लवकर सुटली. पुढचे शिक्षण युनियनच्या कचेरीतले पुस्तकांचे कपाट, सार्वजनिक वाचनालय आणि अशाच व्याख्यानमालांतली मागच्या रांगेतली खुर्ची यांवर झाले. म्हणून जेवढे पडताळून पाहता आले तेवढेच सांगतो.

आमचे म्हणणे थोडक्यात असे: ग्रीकांचा इतिहास शिकण्यासाठी ग्रीसला जावे लागत नाही. त्याच्या खुणा आपल्या लोकल गाडीच्या वाटेवर पडलेल्या आहेत. त्या खुणांपाशी मुलांना नेऊन खेळू दिले, तर राजांची नावे पाठ करण्याआधीच मूल एक मोलाचा प्रश्न विचारू लागते: हे काम केले कोणी?

मिलिंद हे नाव कुठून आले?

आपल्या प्रत्येक वस्तीत एखादा मिलिंद असतोच. सहलीच्या आरंभी आम्ही मुलांना विचारतो, ‘तुमच्या ओळखीत कोणी मिलिंद आहे का?’ हात वर होतात. मग सांगतो की, हा मिलिंद एका ग्रीक राजाचे नाव लावून हिंडतो आहे. मुलांना ते खरे वाटत नाही, आणि तेथूनच गोष्टीस सुरुवात होते.

संस्कृतात मिलिंद म्हणजे भुंगा, हे खरे. पण महाराष्ट्रात हे नाव घरोघर गेले ते मुख्यतः दुसऱ्या वाटेने. सिकंदर इ. स. पूर्व ३२६ मध्ये झेलमच्या काठी पोरसाशी लढला आणि परत फिरला. पुढे त्याच्यामागून आलेल्या ग्रीकांची राज्ये वायव्येस उभी राहिली. त्यांपैकी मिनँडर हा राजा इ. स. पूर्व दुसऱ्या शतकात पंजाबात राज्य करीत होता. पाली ग्रंथांत त्याचे नाव मिलिंद. नागसेन भिक्षूशी त्याने केलेल्या प्रश्नोत्तरांचा ग्रंथ तो ‘मिलिंदपञ्ह’. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी १९५० साली औरंगाबादेस, म्हणजे आजच्या छत्रपती संभाजीनगरास, जे महाविद्यालय काढले त्याला याच राजाचे नाव मिळाले, आणि त्याचा परिसर नागसेनवन झाला.

त्या ग्रंथातला एक वाद मुलांना खेळ म्हणून फार आवडतो. नागसेन राजाला विचारतो, ‘तू रथातून आलास ना? मग रथ म्हणजे काय ते दाखव. चाक म्हणजे रथ काय? आस म्हणजे रथ काय? जू म्हणजे रथ काय?’ आम्ही रथाऐवजी स्टेशनबाहेरची भाजीची हातगाडी घेतो. एक मूल नागसेन, दुसरे मिलिंद. चाकाला हात लावून विचारायचे, ही गाडी का? दांड्याला हात लावून विचारायचे, ही गाडी का? प्रत्येक वेळी उत्तर ‘नाही’. मग गाडी आहे तरी कुठे? आठनऊ वर्षांची मुले या प्रश्नाशी अर्धा अर्धा तास झटतात. तत्त्वज्ञान हा शब्दही उच्चारावा लागत नाही.

येथे ‘यवन’ या शब्दाचाही उलगडा करून ठेवला पाहिजे. आशिया मायनरच्या किनाऱ्यावरचा आयोनिया हा ग्रीकांचा प्रांत. इराणी लोक त्यांना ‘यौन’ म्हणत. आपल्याकडे त्याचे ‘योन’ आणि ‘यवन’ झाले. पुढे पश्चिमेकडून येणाऱ्या इतर लोकांनाही हा शब्द लागू झाला, आणि मध्ययुगीन मराठीत तो मुसलमानांसाठी रूढ झाला. हे आधी सांगितले नाही तर दोन हजार वर्षांपूर्वीच्या शिलालेखात ‘यवन’ वाचून मुलांची फसगत होते. एखादा शब्द कसा प्रवास करतो हे समजले, म्हणजे शब्दाने भडकण्याची सवयही थोडी कमी होते.

रविवार कोणाचा?

सहल म्हटली की सुट्टी आली. सुट्टीचाही इतिहास आहे, आणि सोबत्यांच्या प्रश्नाचे अर्धे उत्तर त्यात आहे. मुंबईच्या गिरण्यांत आठवड्याच्या हक्काच्या सुट्टीची पद्धत नव्हती. जोतीरावांचे सहकारी नारायण मेघाजी लोखंडे यांनी १८८४ पासून गिरणी कामगारांना संघटित केले, आणि त्यांच्या लढ्यामुळे १० जून १८९० पासून रविवारची सुट्टी मिळाली. गाडीत बसल्यावर आम्ही मुलांना प्रथम हे सांगतो. जो दिवस आज खेळायला मिळाला आहे, तो कोणी तरी मागून, भांडून आणलेला आहे.

आता गंमत पाहा. इंग्रजीतला ‘स्कूल’ हा शब्द ज्या ग्रीक शब्दापासून आला, त्या ‘स्खोले’चा मूळ अर्थ फुरसत असा आहे. ज्याला फुरसत त्याला शिक्षण, असा तो हिशेब होता. अथेन्सच्या नागरिकाला फुरसत होती, कारण त्याच्या शेतावर, घरात आणि खाणीत गुलाम राबत होते. आपल्याला फुरसत मिळाली ती लोखंड्यांसारख्यांच्या झगड्यामुळे. एकाची फुरसत दुसऱ्याच्या पाठीवर उभी, दुसऱ्याची स्वतःच्या एकजुटीवर. फुले आणि लोखंडे सांगा असे म्हणणाऱ्यांना आमचे उत्तर असे की, ग्रीस शेजारी ठेवला म्हणजे लोखंडे अधिक उठून दिसतात.

ग्रीक भाषेत मूल, खेळ आणि शिक्षण हे तिन्ही शब्द एकाच मुळातून निघालेले आहेत. प्लेटोने आपल्या ‘नियम’ या ग्रंथात म्हटले आहे की, ज्याला पुढे घरे बांधायची आहेत त्याने लहानपणी घरे बांधण्याचा खेळ खेळावा, आणि त्याला खऱ्या हत्यारांच्या छोट्या प्रतिकृती द्याव्यात. आमचे रंधा-करवत चालवणारे मित्र हे ऐकून म्हणतात, ‘आमचे बाप हेच तर करत होते!’

पहिली सहल: सोपारे

भाईंदरहून खाडीचा पूल ओलांडला की नायगाव, वसई रोड आणि मग नालासोपारा. तिसरे स्टेशन. रोज लाखो लोक या नावाची गाडी पकडतात, पण हे दोन हजार वर्षांहून जुने बंदर आहे याची वार्ता फार थोड्यांना. संस्कृत ग्रंथांतले शूर्पारक ते हेच. स्टेशनच्या पश्चिमेस सोपारे गावात भाजक्या विटांचा स्तूप आहे. तेथवर रिक्षाने जाता येते.

१८८२ साली पंडित भगवानलाल इंद्रजी यांनी हा स्तूप खणला. आत दगडी पेटी निघाली आणि पेटीत एकात एक ठेवलेल्या डब्या: तांब्याची, तिच्यात चांदीची, मग दगडाची, मग स्फटिकाची आणि सर्वांत आत सोन्याची. आम्ही घरून मसाल्याच्या लहानमोठ्या डब्या नेतो, आतल्या डबीत एक फूल ठेवतो आणि मुलांना एकेक उघडू देतो. त्या ठेव्यात यज्ञश्री सातकर्णीचे चांदीचे एक नाणे होते, आणि नाण्यावर राजाचा चेहरा. आधीच्या सातवाहन नाण्यांवर बहुधा हत्ती, चैत्य अशी चिन्हे असत. राजाचे तोंड नाण्यावर उठवण्याची रीत ग्रीकांकडून क्षत्रपांकडे आणि क्षत्रपांकडून सातवाहनांकडे आली. नहपान क्षत्रपाच्या चांदीच्या नाण्यांवर चेहऱ्याभोवती ग्रीक अक्षरे आहेत. १९०६ साली नाशिकजवळ जोगळटेंभी येथे अशी तेरा हजारांवर नाणी सापडली. त्यांतल्या नऊ हजारांहून अधिक नाण्यांवर गौतमीपुत्र सातकर्णीने आपला ठसा पुन्हा मारलेला होता. हेही मुलांना करून दाखवता येते. रुपयाच्या नाण्यावर कागद ठेवून शिसपेन्सिल घासावी, मग त्याच कागदावर दुसरे नाणे ठेवून पुन्हा घासावे. जुन्या राजावर नवा राजा कसा बसतो ते एका मिनिटात कळते.

त्याच वर्षी सोपाऱ्यास अशोकाच्या आठव्या शिलालेखाचा तुकडा मिळाला. तो मुंबईच्या छत्रपती शिवाजी महाराज वस्तुसंग्रहालयात आहे. नवव्या लेखाचा तुकडा १९५६ साली जवळच्या भुईगावास सापडला. याच मालिकेतल्या तेराव्या लेखात अशोकाने आपल्या काळच्या पाच ग्रीक राजांची नावे घेतली आहेत: अंतियोक, तुरमय, अंतिकिनि, मक आणि अलिकसुदर. म्हणजे अँटिओकस, टॉलेमी, अँटिगोनस, मगस आणि अलेक्झांडर. हा अलेक्झांडर जगज्जेत्या सिकंदराच्या मागाहूनचा. मुलांना ही नावे अशोकाच्या उच्चारात म्हणायला सांगावीत. ‘अलिकसुदर’ म्हणताना ती हसून लोळतात आणि नाव मात्र कायमचे ध्यानात राहते.

आता बंदराकडे येऊ. इ. स. पहिल्या शतकात इजिप्तकडच्या एका ग्रीकभाषी व्यापाऱ्याने तांबड्या समुद्रापासून हिंदुस्थानापर्यंतच्या बंदरांची माहिती लिहून ठेवली. तिला ‘पेरिप्लस’ म्हणतात. त्यात सुप्पारा म्हणजे सोपारे आहे, कल्लिएना म्हणजे कल्याण आहे, सेमुल्ला म्हणजे चौल आहे. घाटावरचे पैठण आणि तेर हीही आहेत. कल्याणच्या बंदराविषयी तो लिहितो की, पूर्वी येथे रीतसर व्यापार चाले, पण संदनेस नावाच्या राजाच्या हाती ते गेल्यापासून अडथळे वाढले आहेत, आणि चुकून आलेली ग्रीक जहाजे पहाऱ्याखाली भडोचला नेली जातात.

यावरून आम्ही स्तूपाजवळच्या सावलीत व्यापाराचा खेळ मांडतो. चिठ्ठ्यांवर माल लिहायचा. पश्चिमेकडून येणारा माल म्हणजे दारू, तांबे, कथील, शिसे, पोवळे, काच. आपल्याकडून जाणारा म्हणजे सुती कापड, अकीक, हस्तिदंत, पिंपळी. काही मुले यवन व्यापारी, काही सोपाऱ्याचे शेठ, काही हमाल. एका मुलाकडे शिट्टी. ती वाजली की कल्याण बंद, जहाज पहाऱ्यात भडोचला. जहाजे वाऱ्यावर चालत, म्हणून दिशेचाही नियम असतो. जुलैच्या सुमारास इजिप्त सोडायचे, नैर्ऋत्येचा वारा घेऊन यायचे आणि हिवाळ्यात ईशान्येचा वारा लागला की परतायचे. उत्तन-चौकची मुले हा नियम इतरांना समजावतात, कारण पावसाळ्यात होड्या किनाऱ्यावर का ओढतात हे ती घरीच शिकलेली असतात.

खेळ संपला की शेठ आपला माल मोजतात, व्यापारी आपला मोजतात, आणि हमाल झालेली मुले हटकून विचारतात, ‘काका, आमचे काय?’ हा प्रश्न आम्ही त्यांना शिकवलेला नसतो. मग सांगतो की, पेरिप्लसमध्ये मालाच्या लांबलचक याद्या आहेत, हमालाचे नाव नाही. एक उल्लेख मात्र आहे. भडोचच्या खाडीचे तोंड अवघड, म्हणून राजाच्या नोकरीतले स्थानिक कोळी आपल्या लांब होड्या घेऊन पुढे जात आणि परदेशी जहाजांना वाट दाखवत बंदरात आणत. त्या होड्यांची नावेसुद्धा त्याने दिली आहेत, त्रप्पग आणि कोटुंब. कोळ्याच्या पोरास हे ऐकवताना त्याचा चेहरा पाहावा.

दुसरी सहल: एकवीरेच्या शेजारी

दुसऱ्या सहलीसाठी नवी वाट शोधावीच लागत नाही. आपल्याकडची आगरी-कोळी कुटुंबे चैत्रात कार्ल्याला एकवीरेच्या दर्शनाला जातातच. लोणावळ्यापुढे मळवली स्टेशन, तेथून डोंगर. देवीच्या देवळाला लागूनच कार्ल्याचे चैत्यगृह आहे. दर्शन झाले, प्रसाद घेतला, फोटो काढले आणि मंडळी उतरली, असेच बहुधा घडते. दहा पावले बाजूला टाकली तर तेथे यवनांची नावे कोरलेली आहेत.

कार्ल्याचे चैत्यगृह इसवी सनाच्या आगेमागे कोरले गेले. आत ३७ खांब आहेत. हे सारे एका राजाच्या खजिन्यातून झाले नाही. वेगवेगळ्या लोकांनी एकेक खांब दिला आणि आपले नाव कोरून घेतले. त्यांत धेनुकाकट या गावचे कित्येक यवन आहेत. सिहधय हे एकाचे नाव, यसवधन हे दुसऱ्याचे. नावे इकडची, धर्मदान बौद्धांना, आणि ओळख मात्र ‘यवन’. ते रक्ताने ग्रीक होते की यवन म्हणवणाऱ्या वस्तीतले होते, यावर विद्वानांत मतभेद आहेत. धेनुकाकटाचा माग दामोदर धर्मानंद कोसंबी यांनीही घेतला आणि १९५५ साली त्यावर निबंध लिहिला. गणिताचे हे प्राध्यापक या डोंगरांतून पायी हिंडून इतिहास वाचत, हे मोठ्या मुलांना आवर्जून सांगावे.

येथला खेळ म्हणजे अक्षरे शोधणे. ब्राह्मीतला ‘न’ अगदी सोपा. आडव्या रेघेवर उभी रेघ, झाले. ‘व’ म्हणजे गोल आणि त्याच्या डोक्यावर उभी रेघ. ‘य’ होडीच्या नांगरासारखा. घरून निघताना ही तीन अक्षरे पुठ्ठ्यावर काढून मुलांना द्यावीत. मग ‘य-व-न’ कोण आधी शोधतो याची शर्यत. खांबाला हात लावायचा नाही, हा या खेळाचा पहिला नियम. जो हात लावील तो बाद.

येथे आणखी एक नाव आहे, आणि आम्हांला ते सर्वांत मोलाचे वाटते. धेनुकाकटच्याच सामी नावाच्या सुताराने दाराचे काम केले, तो वेणुवासाचा मुलगा, असे दगडात कोरलेले आहे. यवन धनिकांच्या बरोबरीने सुताराचे नाव! आपल्या बोरिवलीच्या कान्हेरी लेण्यांतही सोपारा आणि कल्याणच्या दात्यांची नावे आहेत, आणि कल्याणच्या एका लोहाराने दिलेल्या वाटेचा लेख आहे. आजच्या एखाद्या मोठ्या इमारतीवर बिल्डरचे नाव ठळक दिसते, गवंड्याचे शोधून सापडत नाही. मुलांना सांगावे, परत जाताना गाडीतून इमारती पाहा आणि कोणाकोणाची नावे दिसतात ती मोजा.

ज्यांना लांबची सहल जमेल त्यांनी जुन्नरची लेणी आणि नाशिकची पांडवलेणी पाहावीत. जुन्नरला यवनांनी पाण्याची टाकी आणि भोजनमंडप दिल्याचे लेख आहेत. नाशिकला उत्तरेकडचा योनक, धम्मदेवाचा मुलगा इंद्राग्निदत्त याने लेणे कोरवले. कोल्हापूरला ब्रह्मपुरीच्या उत्खननात ग्रीकांचा समुद्रदेव पोसायडन याची काशाची छोटी मूर्ती मिळाली. ती तेथल्या टाउन हॉल संग्रहालयाची आहे. नारळी पौर्णिमेला समुद्राला नारळ वाहणाऱ्यांच्या मुलांना या देवाची ओळख पटायला वेळ लागत नाही.

तिसरी सहल: उत्तनच्या वाळूवर अथेन्स

खुणा पाहून झाल्यावर मुले विचारतात, हे यवन आपल्या देशात काय करत होते? त्यासाठी उत्तनचा किनारा पुरतो. तिकीटही लागत नाही.

पहिला खेळ चिंचोक्यांचा. इ. स. पूर्व ४८३ च्या सुमारास अथेन्सच्या लॉरिअन येथील खाणींत चांदीची नवी शीर लागली. लोक म्हणाले, प्रत्येक नागरिकाला दहा द्राख्मा वाटून टाका. थेमिस्टोक्लीस म्हणाला, वाटू नका, लढाऊ जहाजे बांधा. मुलांना प्रत्येकी दहा चिंचोके द्यावेत आणि सभा भरवावी. घरी न्यायचे की एकत्र टाकायचे? प्रत्येकाने बोलायचे. बोनस वाटायचा की संपफंडात ठेवायचा यावर आम्ही आयुष्यभर जे वाद ऐकले, ते सारे दहा वर्षांच्या मुलांच्या तोंडून पुन्हा ऐकायला मिळतात. अथेन्सने जहाजे बांधली. इ. स. पूर्व ४८० मध्ये इराणचा बादशहा झर्क्सीस चालून आला, तेव्हा सालामिसच्या सामुद्रधुनीत याच जहाजांनी त्याचे आरमार मोडले.

दुसरा खेळ वल्ह्यांचा. या तीन मजली जहाजावर १७० वल्हेकरी असत आणि बासरीवाला ताल धरी. मुलांना तीन रांगांत बसवावे, प्रत्येक रांगेला एकेक दोरखंड द्यावे आणि एकाने डबा वाजवावा. सर्वांनी एकदम ओढायचे. एक जण ताल चुकला की सगळी रांग कोलमडते. हे वल्हेकरी बहुतेक गरीब नागरिक होते. घोडा नाही, चिलखत नाही, होते ते दंड. पण शहर त्यांच्या दंडांवर वाचले, आणि मग सभेत त्यांचा शब्द टाळता येईना. पुढे पेरिक्लीसच्या काळात न्यायसभेत बसणाऱ्याला रोजाचे पैसे मिळू लागले. अथेन्सच्या लोकशाहीस बळ आले त्याचे एक कारण हे वल्हे आहे.

गोष्ट येथे थांबवली तर ती अर्धवट राहील. म्हणून तिसरा खेळ चिठ्ठ्यांचा. वीस मुले असतील तर तीन चिठ्ठ्यांवर ‘नागरिक’ लिहावे. बाकीच्यांवर ‘गुलाम’, ‘स्त्री’, ‘परदेशी रहिवासी’, ‘लहान मूल’. प्रमाण अंदाजाचे, पण चित्र खरे. आता पुन्हा सभा भरवावी आणि नागरिकांनीच हात वर करावा. एका मुलीने एकदा आम्हांला विचारले, ‘काका, म्हणजे दोरी मी ओढली आणि हात वर करायचा नाही?’ तिला आम्ही सांगितले की, ज्या चांदीवर ती जहाजे बांधली, ती खाणीत उतरून खणणारेही गुलामच होते. लोकशाही हा शब्द ग्रीकांचा. त्यातला ‘लोक’ कोण, हा तंटा तेव्हापासून चालू आहे.

चौथा खेळ खापऱ्यांचा. अथेन्समध्ये वर्षातून एकदा लोकांना विचारीत की, कोणाला हद्दपार करायचे आहे काय? ‘हो’ असे ठरले तर लोक फुटक्या मडक्याच्या खापरीवर नाव कोरून टाकत. सहा हजार खापऱ्या पडल्या तर एका पुढाऱ्याला दहा वर्षे बाहेर जावे लागे. त्याची मालमत्ता मात्र कायम राही. कुंभाराकडून फुटकी मडकी आणावी आणि खडू द्यावा. नावे गोष्टीतल्या पुढाऱ्यांचीच लिहायची, खेळगड्याचे लिहायचे नाही, हा नियम कडक पाळावा. १९३७ साली अक्रोपोलिसच्या उतारावरच्या एका विहिरीत थेमिस्टोक्लीसचे नाव लिहिलेल्या सुमारे १९० खापऱ्या सापडल्या. तपासता दिसले की, त्या सगळ्या अवघ्या १४ हातांनी लिहिलेल्या! कोणी तरी आधीच लिहून ठेवून वाटण्यासाठी तयार केल्या असाव्यात. आम्हीही मुलांच्या खापऱ्यांत एकाच हाताच्या पाच खापऱ्या मिसळतो आणि शोधायला लावतो. निवडणुकीतली लबाडी ओळखण्याचे हे पहिले शिक्षण.

खेळ आपलेही

ज्यांना बाहेर पडणे जमत नाही त्यांनी घरच्या अंगणात एवढे तरी करावे. आपले सागरगोटे ग्रीक मुली पाच खड्यांनी खेळत: उडवायचे आणि तळहाताच्या पाठीवर झेलायचे. पोलक्स नावाच्या जुन्या ग्रीक कोशकाराने ते वर्णन करून ठेवले आहे. आपली आंधळी कोशिंबीर तेथे ‘पितळी माशी’ या अर्थाच्या नावाने होती. रस्सीखेचही होती. आणखी एका खेळात खापरीची एक बाजू काळी, एक पांढरी. ती उडवायची, काळी पडली तर रात्र, पांढरी पडली तर दिवस. एक गट पळतो, दुसरा धरतो. आजीने नातीबरोबर सागरगोटे मांडावेत आणि सांगावे की दोन हजार वर्षांपूर्वी दूरच्या मुलीही असेच खेळत होत्या. यापेक्षा सोपा इतिहास कोणता?

काही पथ्ये

अनुभवाने ठरलेली पथ्ये थोडकी आहेत. एका सहलीला एकच ठिकाण आणि दोनच खेळ. घरी परतल्यावर प्रश्नपत्रिका नको. विचारायचेच तर ‘तू कोण झाला होतास?’ एवढे विचारावे. भूमिका दर वेळी बदलावी, शेठ झालेल्याने पुढल्या वेळी हमाल व्हावे. आईला डबे भरण्यापुरती नेऊ नये, तीही खेळात हवी. जे खात्रीचे नाही ते खात्रीचे म्हणून सांगू नये. मुलाने विचारले तर पुस्तकात बघू म्हणावे आणि खरोखर बघावे. ग्रीकांची थोरवी सांगताना त्यांचे गुलाम झाकू नयेत, आणि गुलाम सांगताना त्यांची थोरवीही झाकू नये.

आता गुणांचा प्रश्न. खरे सांगायचे तर, या सहलींनी गुण वाढतात असा दावा आम्ही करणार नाही. आम्ही पाहिले ते एवढेच की, मुले आपण होऊन पुस्तक मागू लागतात आणि पाटी दिसली की वाचायला थांबतात.

सर्वांत मोठी अडचण खर्चाची नाही. सोपाऱ्याचे तिकीट आणि भाकरीचा डबा कोणालाही परवडतो. अडचण रविवारची आहे. आज कंत्राटावर राबणाऱ्या कितीतरी माणसांना ठरलेली साप्ताहिक सुट्टी उरलेली नाही. सामान पोचवणारे, पहारेकरी, गाळ्यांत तुकड्यावर काम करणारे, यांचा रविवार इतर दिवसांसारखाच जातो. त्यांची मुले सहलीला येतात तेव्हा शेजाऱ्याचे बोट धरून येतात. १८९० साली मिळवलेली गोष्ट अशी गुपचूप हातची जात असेल, तर तिची मागणी पुन्हा करावी लागेल. ती करताना आम्ही विश्रांतीसाठी सुट्टी एवढेच म्हणत नाही. बापाला आपल्या मुलीबरोबर सोपाऱ्याच्या स्तूपापाशी बसून डब्या उघडता याव्यात, यासाठीही सुट्टी हवी. मागण्यांच्या खलित्यात हे वाक्य कसे बसवायचे याचा विचार आमच्या सोबत्यांनी करावा. तोवर ज्यांना येता रविवार मोकळा आहे, त्यांनी शेजारच्या ज्या मुलाचा बाप कामावर आहे त्यालाही बरोबर घेऊन नालासोपाऱ्याची गाडी धरावी.